सही कुणाची, भिंत कुणाची? जिव्या सोमा म्हसे आणि आपली जबाबदारी

दोन वर्षांपूर्वीच्या भीमजयंतीची गोष्ट. आमच्या मंडळाने फ्लेक्स करून घेतला होता. मधोमध बाबासाहेब, हातात संविधान आणि चहूबाजूंनी वारली चित्रांची किनार: तारप्याचा नाच, झोपडी, ताडाचं झाड. डहाणू-तलासरी पट्ट्यात काम करायचं तर आदिवासी बांधवांनाही जयंती आपली वाटली पाहिजे, म्हणून ती किनार मीच सुचवली होती. डीटीपीवाल्या पोराने ती इंटरनेटवरून उतरवली आणि दोन मिनिटांत डकवली. सगळ्यांना आवडली.

आमच्या अभ्यासिकेत येणारी अकरावीतली एक वारली मुलगी खुर्च्या लावायला आली होती. ती फ्लेक्ससमोर बराच वेळ उभी राहिली. मला वाटलं, आपल्या समाजाचं चित्र बाबासाहेबांभोवती बघून पोरीला बरं वाटलं असेल. ती म्हणाली, "ताई, हे कोणी काढलंय?"

मी म्हटलं, "अगं, कम्प्युटरवरचं आहे."

ती हसली. "म्हणूनच. तारप्याकडे पाठ करून कोणी नाचत नाही."

मी पुन्हा पाहिलं. खरंच, किनारीच्या मापात बसवण्यासाठी नाचणाऱ्यांची रांग कापून उलटी जोडली होती. तारपा वाजवणाऱ्याच्या मागोमाग, त्याच्याकडे कधीही पाठ न करता फिरणारी माणसं आमच्या फ्लेक्सवर त्याच्याकडे पाठ करून उभी होती. आमच्यापैकी एकालाही ते दिसलं नाही. दिसणार कसं? आमच्यासाठी ती माणसं नव्हतीच, नक्षी होती.

मी समाजशास्त्रात एम.ए. केलं आहे. प्रस्थापित वर्ग खालच्या वर्गाची संस्कृती कशी उचलतो, तिच्यातला माणूस काढून टाकून उरलेली सजावट कशी वापरतो, यावर मी परीक्षेत पानंच्या पानं लिहिली आहेत. आणि बाबासाहेबांच्या फोटोभोवती मी नेमकं तेच केलं. हा लेख त्या चुकीची कबुली आहे. त्याचबरोबर ज्या माणसामुळे ही चित्रं भिंतीवरून उतरून जगभर गेली, त्या जिव्या सोमा म्हसे यांच्याकडे आंबेडकरी तरुणांनी कसं पाहावं, याची मांडणीही आहे.

तलासरीत जन्म, डहाणूत आयुष्य

जिव्या म्हसे यांचा जन्म १९३४ चा, तलासरी तालुक्यातल्या धामणगावचा. वयाच्या अकराव्या वर्षी ते डहाणू तालुक्यातल्या गंजाड गावच्या कळंबीपाड्यावर आले आणि १५ मे २०१८ रोजी निधन होईपर्यंत तिथलेच राहिले. लहानपणीच आईचं छत्र हरपलं. त्या धक्क्याने सातव्या वर्षाच्या सुमारास त्यांचं बोलणं बंद झालं आणि पुढची काही वर्षं ते मातीत रेघोट्या काढून आपलं म्हणणं सांगत, असं त्यांच्याबद्दल सांगितलं जातं.

चरित्र सांगणारे इथे थांबतात आणि त्यांना 'स्वयंशिक्षित कलावंत' म्हणतात. हा शब्द ऐकायला गौरवाचा आहे. पण त्याला दुसरी बाजू आहे, ती आपण सांगितली पाहिजे. एखादा माणूस स्वतःच शिकला याचा अर्थ त्याला शिकवायला कोणी आलं नाही. चाळीसच्या दशकात तलासरीच्या पाड्यावरच्या आदिवासी मुलाच्या वाट्याला गुरं राखणं होतं, शाळा नव्हती. त्याच काळात मुंबईत जे. जे. स्कूल ऑफ आर्टला जवळपास नव्वद वर्षं होत आली होती. डहाणूहून मुंबई रेल्वेने काही तासांवर होती. पण ते अंतर मैलांत मोजायचं नव्हतंच.

आपण हे चांगलं ओळखतो. अण्णा भाऊ साठे दीड दिवस शाळेत गेले असं आपण अभिमानाने सांगतो. तो अभिमान रास्त आहे, पण त्या दीड दिवसामागची लाज अण्णा भाऊंची नाही, शाळेची आहे. म्हसे यांच्या बाबतीतही 'स्वयंशिक्षित' हा शब्द त्यांच्यासाठी शाबासकी आणि व्यवस्थेसाठी आरोपपत्र म्हणून वाचायला हवा.

लग्नाचा चौक आणि सावकाराची वही

वारली चित्रं मुळात कशासाठी काढली जात? लग्नासाठी. कुडाची भिंत शेणाने सारवायची, वर गेरूचा हात द्यायचा, तांदूळ वाटून पाण्यात कालवायचा आणि बांबूच्या काडीचं टोक चावून केलेल्या कुंचल्याने सवाशिणींनी चौक लिहायचा. चौकाच्या मध्ये पालघट देवी, बाजूला पंचशिऱ्या देव, भोवती झाडं, पाखरं, नाचणारी माणसं. लग्न लावते ती धवलेरी, म्हणजे गाणी म्हणणारी बाई. तिच्या गाण्यांशिवाय लग्न पुरं होत नाही. महात्मा फुल्यांनी १८७३ साली सत्यशोधक समाज काढून भटाविना लग्नाचा आग्रह धरला. वारली समाजात भटाविना, तेही एका बाईच्या पौरोहित्याखाली लग्नं लागतच होती. ज्यांना कोणी 'वनवासी' म्हणून हिंदू धर्माच्या अंगणात ओढू पाहतं, त्यांच्या घरातली ही वस्तुस्थिती आहे. पालघटेला आपण बौद्ध म्हणून हात जोडणार नाही, पण ती ब्राह्मणी देवळातली देवी नाही एवढं तरी आपल्याला कळलं पाहिजे.

आता याच लग्नाची दुसरी बाजू. गोदावरी परुळेकरांच्या 'जेव्हा माणूस जागा होतो' या पुस्तकामुळे ती महाराष्ट्राला कळली. लग्नासाठी सावकाराकडून पैसे घ्यायचे आणि त्या कर्जापोटी नवराबायकोने वर्षानुवर्षं त्याच्या घरी-शेतावर राबायचं. अशा माणसाला 'लग्नगडी' म्हणत. काहींचं कर्ज मरेपर्यंत फिटत नसे. म्हणजे ज्या दिवशी सवाशिणी भिंतीवर चौक लिहीत होत्या, त्याच लग्नापायी सावकाराच्या वहीत नवऱ्या मुलाचं नाव चढत होतं. एकच प्रसंग, दोन लिखाणं. भिंतीवरचं लिखाण तांदळाच्या पिठाचं, पावसाळ्यात जाणारं. वहीतलं लिखाण शाईचं, न जाणारं.

या व्यवस्थेविरुद्ध याच मातीत उठाव झाला. २३ मे १९४५ रोजी आजच्या तलासरी तालुक्यातल्या झरी गावात किसान सभेची परिषद भरली आणि हजारो वारल्यांनी वेठबिगार नाकारली. त्या वर्षी गवत कापणीच्या मजुरीचा लढा पेटला. पाचशे पौंड गवतामागे अडीच रुपये ही मागणी होती. १० ऑक्टोबरला तलवाड्याला जमलेल्या जमावावर गोळीबार झाला आणि जेठ्या गांगड यांच्यासह पाच आदिवासी शहीद झाले. जिव्या म्हसे तेव्हा अकरा वर्षांचे होते. तलासरी-डहाणूच्या ज्या पिढीने लग्नगड्याची पद्धत मोडलेली पाहिली, त्या पिढीचा हा माणूस.

एक अवघड पान

इथे आपल्या घरातलं एक पान उघडलं पाहिजे. झरीच्या परिषदेच्या सतरा दिवस आधी, ६ मे १९४५ रोजी मुंबईत शेड्यूल्ड कास्ट्स फेडरेशनच्या अधिवेशनात बाबासाहेबांचं जातीय पेचप्रसंगावरचं गाजलेलं भाषण झालं. त्यात आदिवासींमध्ये अजून राजकीय जाणीव विकसित झालेली नाही, त्यामुळे ते दुसऱ्यांच्या हातचं साधन बनतील, असा अंदाज त्यांनी मांडला आणि त्यांच्यासाठी राजकीय प्रतिनिधित्वाऐवजी वैधानिक आयोगाची व्यवस्था सुचवली. सतराच दिवसांनी तलासरीच्या आदिवासींनी वेगळं उत्तर दिलं.

हे सांगितलं की आपल्यातले काही जण नाराज होतात. पण बाबासाहेबांना देव करून ठेवायचं नसेल तर त्यांचं हे वाक्यही वाचावं लागेल. त्याच बाबासाहेबांनी १९३६ साली 'जातिप्रथेचे निर्मूलन'मध्ये हिंदू समाजाला खडसावून विचारलं होतं की, तुमच्या शेजारी राहणाऱ्या आदिवासींना तुम्ही शतकानुशतकं तसंच का ठेवलंत? आणि त्यांनीच मसुदा समितीचं अध्यक्षपद भूषवलेल्या संविधानात आदिवासींना राखीव जागा मिळाल्या, पाचवी अनुसूची आली. डहाणू-तलासरी आज त्याच पाचव्या अनुसूचीच्या क्षेत्रात आहेत. विचार पुढे जातो तो असा. म्हणूनच आजच्या आंबेडकरी कार्यकर्त्याने १९४५ च्या त्या अंदाजापाशी थांबायचं कारण नाही. आदिवासी मुका आहे, त्याच्या वतीने आपण बोलायचं, ही सवय आपल्यातही आहे. ज्या मुलाचं बोलणं बंद झालं होतं तो मातीत रेघा काढत होता, म्हणजे बोलतच होता. वाचायला कोणाला येत नव्हतं, एवढंच.

या चित्रांत कोण काम करतं?

मी पहिल्यांदा म्हसे यांचं मोठं चित्र नीट पाहिलं ते जाळ्याचं. कागदभर पांढऱ्या बारीक रेषांचं मासेमारीचं जाळं आणि त्याच्या कडेला छोटी माणसं. लांबून जाळंच दिसतं. जवळ गेलं की हात दिसतात. एवढी मोठी वस्तू त्या काडीएवढ्या माणसांनी विणली आहे, ओढली आहे, हे कळायला चालत जवळ जावं लागतं.

त्यांच्या चित्रांत राबाची जमीन भाजतात, नांगर चालतो, बायका वाकून आवणी करतात, खळ्यावर भात झोडतात, कोणी ताडावर चढतं, कोणी गुरं हाकतं. माणूस म्हणजे टोकाला टोक जोडलेले दोन त्रिकोण, वर एक गोल, चार रेघा. पण त्या त्रिकोणांच्या कलण्यावरून वाकलेली कंबर कळते, डोक्यावरचा भारा कळतो. सगळं सतत हलतंय, जगणं म्हणजेच हालचाल, असं म्हसे सांगत असत. ही हालचाल प्रामुख्याने कामाची आहे.

काही कार्यकर्ते मला विचारतात, "यात विद्रोह कुठे आहे? ना झेंडा, ना मोर्चा, ना सावकार." प्रश्न चांगला आहे. माझं उत्तर असं.

राजेरजवाड्यांच्या चित्रांत राजा मोठा असतो, चाकर लहान. पाश्चात्त्य पद्धतीच्या निसर्गचित्रात शेतकरी दूरवर ठिपका असतो आणि बघणारा माणूस उंचावर, सावलीत उभा असतो. कॅलेंडरवरच्या चित्रात आदिवासी बाई असते तर तिचं फक्त शरीर असतं. म्हसे यांच्या शेताच्या, जाळ्याच्या, नाचाच्या चित्रांत कुणीही दुसऱ्यापेक्षा मोठा नाही. ज्याच्यासाठी बाकीचे राबताहेत असा मालक मधोमध बसलेला नाही. आणि बघणाऱ्यासाठी उंचावरची खुर्चीही नाही. शेत वरूनही दिसतं, बाजूनेही दिसतं, जसं ते रोज त्यात चालणाऱ्याला ठाऊक असतं. मालकाची नजर काढून टाकलेलं श्रमाचं चित्र काढणं ही छोटी गोष्ट नाही.

१९५८ साली मुंबईत पहिल्या दलित साहित्य संमेलनाचं उद्घाटन करताना अण्णा भाऊ म्हणाले होते की, ही पृथ्वी शेषाच्या मस्तकावर तरलेली नसून दलित-कष्टकऱ्यांच्या तळहातावर तरलेली आहे. आपण हे वाक्य प्रत्येक जयंतीला म्हणतो. तो तळहात कसा दिसतो हे ज्याला बघायचं असेल त्याने गंजाडच्या या चित्रकाराची मळणी बघावी.

'शोध' कोणी कोणाचा लावला?

सत्तरच्या दशकाच्या सुरुवातीला भास्कर कुलकर्णी हे मुंबईचे चित्रकार सरकारी हस्तकला विभागाच्या कामासाठी या भागात आले. त्याआधी बिहारच्या दुष्काळात पुपुल जयकरांनी त्यांना मधुबनीला पाठवलं होतं आणि तिथल्या बायकांना त्यांनी भिंतीवरून कागदावर आणलं होतं. इथे त्यांनी वारली बायकांना आणि म्हसे यांना कागद-रंग दिले. १९७५ साली मुंबईच्या केमोल्ड गॅलरीत म्हसे यांची चित्रं लागली. १९७६ मध्ये ती फ्रान्समधल्या मांताँ इथे गेली. त्याच वर्षी त्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. पुढे २००२ मध्ये शिल्पगुरू, २००९ मध्ये नेदरलँड्सचा प्रिन्स क्लाऊस पुरस्कार, २०११ मध्ये पद्मश्री.

कुलकर्णींच्या कामाला मी कमी लेखणार नाही. पाड्यावर येऊन राहणारे, कागद हातात देऊन बाजूला होणारे उच्चवर्णीय कलावंत त्या काळात किती होते? पण त्यांच्या नावाशी जोडलेल्या 'शोध' या शब्दाला माझा आक्षेप आहे. कुलकर्णींनी म्हसे यांचा 'शोध लावला' असं लिहिलं जातं. म्हणजे त्याआधी म्हसे नव्हते? चित्रं होती, चित्रकार होता, बघणारा गाव होता. नव्हता तो फक्त मुंबईचा प्रेक्षक. कोलंबसाने अमेरिका 'शोधली' म्हणण्यावर आपण हसतो, मग इथे का गप्प बसतो?

हाच भेद जागतिक पातळीवर बघा. २००३ साली जर्मनीतल्या ड्युसेलडॉर्फच्या संग्रहालयात रिचर्ड लाँग हे नामवंत ब्रिटिश कलावंत आणि म्हसे यांचं एकत्र प्रदर्शन झालं. लाँग मातीत, दगडांत, चालण्यातून काम करतात. त्यांचा उल्लेख 'कलावंत' असा होतो. त्यांच्या शेजारी लागलेल्या म्हसे यांचा उल्लेख 'आदिवासी कलावंत' असा होतो. लाँग यांना कोणी 'इंग्रज लोककलावंत' म्हणत नाही. विशेषण कोणाला चिकटतं आणि कोण विशेषणाविना फिरतं, यावरून सत्ता कुठे आहे ते कळतं. 'दलित कवी', 'दलित लेखिका' ही विशेषणं आपण हत्यार म्हणून स्वतः निवडली. म्हसे यांना निवडीची संधी कोणी दिली?

आणि नाव मोठं झालं म्हणजे माणूस सुरक्षित होतो असंही नाही. मध्य प्रदेशचे परधान गोंड चित्रकार जनगढ सिंह श्याम असेच भिंतीवरून कागदावर आले, जगभर गेले. २००१ साली जपानमधल्या मिथिला म्युझियममध्ये काम करत असताना त्यांनी आत्महत्या केली. घरापासून हजारो मैल दूर, परक्या भाषेत चित्रं काढणारा आदिवासी माणूस हा कामगारसुद्धा असतो, हे त्या मृत्यूने शिकवलं पाहिजे होतं.

ज्यांच्या हातून ही कला आली त्या बायका

आता एक बाई म्हणून मला बोललंच पाहिजे. लग्नाचा चौक लिहिण्याचं काम बायकांचं. म्हसे पुरुष असून रोज, लग्नाविना, स्वतःच्या ओढीने चित्रं काढू लागले. त्यांनी रूढी मोडली, ही त्यांची हिंमत. त्यांच्यानंतर त्यांची मुलं सदाशिव आणि बाळू म्हसे चित्रकार झाले, डहाणूच्या पाड्यापाड्यांवर तरुण मुलं चित्रं काढून पोट भरू लागली.

पण बाजार आला, सही आली, पासपोर्ट आला, तेव्हा सही बहुतेक ठिकाणी पुरुषाची झाली. भिंतीवर पिढ्यान्‌पिढ्या लिहिणाऱ्या सवाशिणींची नावं कुठेच नाहीत. भिंतीवर सही करायची पद्धत नव्हती, त्यामुळे त्या काळाबद्दल तक्रार करता येणार नाही. आजच्याबद्दल मात्र करता येते. अजूनही कितीतरी घरांत चित्रातला भात बायका भरतात, बारीक रेघा मुली ओढतात आणि कोपऱ्यात नाव घरातल्या पुरुषाचं येतं. विणकराच्या घरात मागावर बसलेल्या बाईचं काम जसं 'मदत' ठरतं, तसंच हे. यात म्हसे यांचा दोष नाही. घराबाहेरचं जग ज्याच्याशी व्यवहार करतं त्याचं नाव लागतं आणि बाहेरचं जग पुरुषाशी व्यवहार करतं.

मी त्या अकरावीतल्या मुलीला नंतर विचारलं, "तुमच्याकडे कोण काढतं?" ती म्हणाली, "आजी लिहायची. आता मी काढते, मामाच्या ऑर्डरीसाठी." मी विचारलं, "नाव कोणाचं टाकतात?" ती म्हणाली, "ऑर्डर मामाची आहे ना ताई." तिच्या आवाजात तक्रार नव्हती. तक्रार नव्हती, हेच मला जास्त लागलं.

किंमत, कायदा आणि जमीन

आज वारली चित्र चादरीवर आहे, कपावर आहे, हॉटेलच्या भिंतीवर आहे. वारली चित्रकलेला भौगोलिक निर्देशांक, म्हणजे जीआय मानांकन, मिळालेलं आहे. चांगलंच आहे. पण जीआय हे नावाचं आणि प्रदेशाचं संरक्षण आहे. तुमच्या हाताने काढलेल्या चित्राचं रक्षण करतो तो कॉपीराइट कायदा, १९५७ चा. आपल्या कार्यकर्त्यांनी त्यातल्या दोन गोष्टी पाठ करून ठेवाव्यात.

पहिली: चित्रावरचा कॉपीराइट चित्रकाराच्या हयातीत आणि त्याच्या मृत्यूनंतर साठ वर्षं टिकतो. म्हसे २०१८ मध्ये गेले, म्हणजे त्यांच्या चित्रांवरचा हक्क २०७८ अखेरपर्यंत शाबूत आहे. 'लोककला आहे, कुणाचीच नाही' हे वाक्य त्यांच्या चित्रांबाबत खोटं आहे. कलाशैली समाजाची असते, पण काढलेलं चित्र माणसाचं असतं.

दुसरी: कलम ५३ अ. मूळ चित्र पुन्हा विकलं गेलं आणि किंमत दहा हजारांच्या वर असेल, तर त्या फेरविक्रीत चित्रकाराला किंवा त्याच्या वारसाला वाटा मागता येतो, जास्तीत जास्त दहा टक्क्यांपर्यंत. पाड्यावरून स्वस्तात गेलेलं चित्र गॅलरीत किंवा लिलावात मोठ्या रकमेला विकलं जातं, तेव्हा हे कलम कामाचं आहे. ते वापरायला बिल हवं, तारीख हवी, चित्राचा फोटो हवा आणि सही हवी. मुलीच्या हाताचं काम असेल तर सही तिची हवी. सहीचा मुद्दा मी उगाच काढत नाही.

आणि शेवटी जमीन. म्हसे यांच्या चित्रांतलं सगळं जमिनीवर आणि समुद्रावर उभं आहे: गवत, भात, ताड, मासे. ती जमीन आज कुठे आहे? तलासरीत दहापैकी नऊ माणसं आदिवासी आहेत. तरी पाऊस संपला की कुटुंबंच्या कुटुंबं वीटभट्ट्यांवर आणि बांधकामांवर निघतात, पोरांची शाळा मध्येच सुटते. बुलेट ट्रेन याच पट्ट्यातून जाते आहे. डहाणू तालुक्यातल्या वाढवण बंदराची पायाभरणी ३० ऑगस्ट २०२४ ला झाली, खर्च शहात्तर हजार कोटींहून जास्त. मच्छीमार आणि आदिवासी वर्षानुवर्षं विरोध करत आले आहेत. उद्या त्या प्रकल्पाच्या कार्यालयाच्या भिंतीवर कोणीतरी हौसेने वारली चित्र काढून घेईल, त्यात जाळंही असेल. जाळं ओढणारा माणूस कुठे गेला, हे विचारणं आपलं काम आहे. वनहक्क कायदा २००६ चा आहे, पेसा १९९६ चा. ग्रामसभेला हक्क कागदावर आहेत. जसा चित्रकाराचा हक्क कागदावर आहे.

मग आपण काय करायचं?

मोठे ठराव करून काही होत नाही, म्हणून छोट्या गोष्टी सांगते.

जयंतीच्या, धम्मचक्र प्रवर्तन दिनाच्या फ्लेक्सवर, स्मरणिकेवर, टी-शर्टवर वारली चित्र हवं असेल तर ते एखाद्या वारली चित्रकाराकडून काढून घ्या, पैसे द्या आणि चित्राखाली नाव, गाव छापा. पैसे नसतील तर चित्र छापू नका. फुकटात घेतलेल्या श्रमाला आपल्या शब्दकोशात वेठबिगार म्हणतात. ती या मातीत १९४५ साली मोडली गेली, आपण निळ्या झेंड्याखाली परत आणायची नाही.

अभ्यासवर्गात फुले, शाहू, आंबेडकर, अण्णा भाऊ यांच्याबरोबर एक तास जिव्या म्हसे यांच्यासाठी ठेवा. आदिवासींना 'आपल्यात सामील करून घेण्यासाठी' नको. त्यांचा इतिहास, त्यांचे देव, त्यांचा झेंडा वेगळा आहे आणि तो वेगळा राहण्याचा त्यांना हक्क आहे. शेजारी बसून शिकण्यासाठी ठेवा. आणि तो तास घ्यायला आपल्यातला वक्ता बोलवू नका, पाड्यावरचा माणूस बोलवा. शक्यतो बाई.

आमच्या मंडळाने त्या फ्लेक्सनंतरच्या वर्षी अभ्यासिकेची एक भिंत त्या मुलीच्या स्वाधीन केली. वर्गणीतून तिचे पैसे ठरवून दिले. कमी होते, पण आधी दिले. ती आठ दिवस येत होती. एका बाजूला आवणी, दुसऱ्या बाजूला वीटभट्टी, मध्ये तारप्याचा गोल. या वेळी कोणाचीच पाठ तारप्याकडे नव्हती. काम झाल्यावर ती कुंचला धुऊ लागली. मी म्हटलं, "नाव टाक." ती म्हणाली, "मामाचं?"

मी म्हटलं, "भिंत कोणी लिहिली?"

तिने खालच्या कोपऱ्यात आपलं नाव लिहिलं, शेजारी आजीचंही लिहिलं. एकाच आकाराच्या अक्षरांत.

जय भीम! जोहार!